खासबागेतला वास

रविवारी दुपारी फोन आला. ‘घाई नाही हं, सवडीनं या. जरा वास येतोय, एवढंच.’

‘जरा वास’ ऐकलं की मी ताटावरून उठतो. सिलिंडरच्या गॅसला स्वतःचा वास नसतो, तो मुद्दाम घातलेला असतो, माणसाला कळावं म्हणून. आणि हा गॅस हवेपेक्षा जड. वर जात नाही, फरशीलगत साचतो. हवेत दोन टक्क्यांच्या आसपास झाला की एक ठिणगी पुरते.

खासबागेत मालकीण अक्का कन्नड, मागच्या खोल्यांत मराठी कुटुंब. अक्का त्यांच्याशी मराठी बोलतात, ते अक्कांशी कन्नड. बेळगावात असं घरोघरी आहे आणि मला त्याचा अभिमान आहे. पण वास शुक्रवारपासून येत होता! भाडेकरूंना वाटलं अक्कांचा. म्हणून त्यांनी आपला रेग्युलेटर बंदच ठेवला होता, अक्का काय ते समजतील म्हणून. अक्कांना वाटलं त्यांचा. बिचाऱ्यांना चूल पेटवायला लागू नये म्हणून त्या दोन्ही वेळा भाकरी-आमटी करून पाठवत होत्या. स्वतःच्या गळक्या गॅसवर. मधल्या बोळात वास झाकायला उदबत्ती.

गॅसगळती कळवायचा १९०६ हा नंबर चोवीस तास असतो. कुणी लावला नाही. ‘उगंच कुणाला त्रास कशाला?’

‘बर्री, कुंद्री,’ या, बसा, म्हणत अक्का चहा ठेवायला वळल्या. हातात लायटर. मी तो हातातून काढूनच घेतला. रेग्युलेटर बंद केला, दारं-खिडक्या उघडल्या, फॅनच्या बटणाला कुणाला हात लावू दिला नाही. बराच वेळ गेल्यावर शेगडीच्या नळीपाशी साबणाचं पाणी लावलं आणि रेग्युलेटर क्षणभर चालू केला. फुगे टरारून आले. जुना हिरवा रबरी पाइप, तोंडाशी चिरलेला. पाइपवर तारीख छापलेली असते, ती कुणी वाचत नाही, याचा मला मनापासून राग येतो.

नवा नारिंगी पाइप बसवला. निघताना अक्का हळूच म्हणाल्या, ‘त्यांस्नी सांगू नका, मनाला लावून घेतील.’ बोळात भाडेकरीण: ‘आम्ही फोन केला म्हणून सांगू नका हं.’

मी दोघींना समोरासमोर उभं केलं आणि पाइप वाकवून चीर दाखवली.

‘माझाच की गं,’ अक्का म्हणाल्या.

‘नाही हो अक्का, आमचापण जुनाच आहे.’

त्यांचा मी आधीच तपासला होता. सहा महिन्यांपूर्वीचा होता.