कोळशाच्या २० टक्क्यांची केस : माझा अनुभव

वणीजवळ आमची चुन्याची भट्टी आहे, बाबांनी टाकलेली. चुनखडीचा एक थर, कोळशाचा एक थर अशी भरायची, त्यामुळे कोळशाचा भाव वाढला की सगळा हिशोब कोलमडतो. बाबांच्या नावावर लिंकेज होतं, म्हणजे ठरलेला कोटा कोल इंडिया या सरकारी कंपनीच्या अधिसूचित, म्हणजे जाहीर केलेल्या भावाने मिळायचा. मग ई-ऑक्शन, म्हणजे कोळशाचा ऑनलाइन लिलाव आला. १ डिसेंबर २००६ ला सुप्रीम कोर्टाने अशोका स्मोकलेस केसमध्ये ते रद्द केलं तेव्हा बाबांनी भट्टीवर पेढे वाटले होते. पण त्याच महिन्यात कंपनीचं अंतरिम धोरण आलं आणि नॉन-कोअर लिंकेजवाल्यांना अधिसूचित भावापेक्षा २० टक्के जास्त लागू झाले. कोअर म्हणजे वीज, पोलाद, सिमेंट, खत वगैरे. आम्ही नॉन-कोअर. हजाराचा कोळसा असेल तर आम्हाला बाराशे.

बऱ्याच जणांना वाटतं भाव दिल्लीतून सरकार ठरवतं. तसं नाहीये, १ जानेवारी २००० पासून कोळशाचे भाव नियंत्रणमुक्त आहेत, कंपनीच ठरवते आणि जाहीर करते, म्हणूनच वाद कोर्टात जातो.

आम्ही चार-पाच भट्टीवाले मिळून नागपूरला वकील साहेबांकडे गेलो. त्यांनी कायद्याचं काही बोलायच्या आधी विचारलं, "भाऊ, पैसे भरताना काही लिहून दिलं होतं का?" बाबांनी दिलं होतं! प्रत्येक डीडीसोबत एक पत्र, खाली "हरकत राखून रक्कम भरत आहे", आणि दुसऱ्या प्रतीवर पोचेचा शिक्का. बाकीच्यांकडे नुसत्या डीओच्या, म्हणजे कोळसा उचलायच्या डिलिव्हरी ऑर्डरच्या झेरॉक्स.

दुसरा प्रश्न मात्र अवघड होता. हे २० टक्के तुम्ही गिऱ्हाइकाकडून वसूल केले का? कारण परतावा मागताना बोजा आपणच सोसला हे दाखवावं लागतं, नाहीतर दुसऱ्याच्या खिशातला पैसा आपल्याला मिळेल. मफतलाल केसमध्ये १९९६ साली नऊ न्यायाधीशांनी एक्साइजच्या परताव्याबाबत हेच म्हटलंय आणि तोच मुद्दा आपल्याविरुद्ध येणार असं साहेब म्हणाले. मग मी आणि मुनीमजी तीन दिवस माळ्यावर बसून जुनी बिलबुकं काढत होतो. काहींना वाळवी लागलेली, पानं चुन्याने चिकटलेली, ब्रशने झाडून एकेक उघडायची. सहा महिने चुन्याचा भाव तोच राहिल्याचं दिसलं. नंतर दोनदा वाढला होता पण तो डिझेल आणि मजुरीमुळे, तसं सीएकडून लिहून घेतलं. वाढ झालेली बिलं लपवावी असं एकजण म्हणाला, बाबांनी चक्क नाही म्हटलं.

मुंबई हायकोर्टाने ती वाढ रद्द ठरवली. पण अपील झालं, पैसे काही हातात आले नाहीत, आणि मग नुसती वाट. तारीख पाहायची, साहेबांना फोन करायचा, परत तेच. त्यातच बाबा गेले, वारस म्हणून माझं नाव लावायला आणखी कागद झाले.

१२ सप्टेंबर २०२५ ला सुप्रीम कोर्टाने कोल इंडियाचं अपील मान्य केलं आणि २० टक्के वाढ कायम ठेवली. कोअर आणि नॉन-कोअरला वेगळा भाव लावणं कायद्यात बसतं असं कोर्टाने म्हटलं. निकाल मान्य आहे. तरी मला वाटतं, कोळसा खाणींच्या १९७३ च्या राष्ट्रीयीकरणानंतर लहान भट्टीवाल्याला दुसरं दुकानच नव्हतं, ही गोष्ट भाव ठरवताना जास्त जड धरायला हवी होती. आता निदान २०२३ च्या निकालाने कोल इंडियाला स्पर्धा कायदा लागू होतो हे पक्कं झालंय, म्हणजे मनमानी वाटली तर स्पर्धा आयोगाकडे जाता येतं.

आमच्या ताळेबंदात बाबांनी "कोळसा फरक येणे" अशी एक ओळ टाकून ठेवली होती, दरवर्षी तीच रक्कम पुढे यायची. या दिवाळीआधी सीएकडे बसून ती काढून टाकली. हरकतीच्या पत्रांची फाइल मात्र कपाटात तशीच ठेवलीय, आणि आजही भाववाढीचं पत्र आलं की आरटीजीएस करायच्या आधी मी तसंच पत्र लिहून पोच घेतो.