तुम्ही विचारलंत म्हणून: चित्रं की सिनेमा?

“तू नक्की करतेस काय गो, चित्रं की सिनेमा?” डिचोलीत लग्नाच्या मांडवात मावश्या विचारतात. नोव्हेंबरात पणजीला इफ्फी या चित्रपट महोत्सवाच्या रांगेत अनोळखी माणसंही तेच विचारतात, फक्त अहो-जाहो करून. मी फिल्मवरच चित्रं काढते, कॅमेरा लागत नाही. एवढ्याने कुणाचं समाधान होत नाही, म्हणून जरा बैजवार सांगते.

लॅबमधून धुऊन आलेली काळी, १६ मिलिमीटरची रंगीत फिल्म लाइटबॉक्सवर पसरायची. वर भिंग, हातात सुई. एक चौकट जेमतेम १० मिलिमीटर रुंद, साडेसात उंच. सुई हलकेच फिरवली की काळ्यातून हिरवी रेघ निघते, थोडा जोर दिला की पिवळी, आणि तळापर्यंत गेली की पांढरी. रंगाचे थर एकावर एक बसलेले असतात, ते असे वरून खाली सुटत जातात. फूटभर फिल्ममध्ये अशा ४० चौकटी, आणि पडद्यावर त्या सेकंदाला २४ धावतात. म्हणजे फूटभर कोरूनही दोन सेकंद भरत नाहीत. आपल्याकडचा पाऊस तर फिल्मचा वैरीच. दमट हवेत बुरशी धरते, म्हणून जूनपासून सगळ्या पट्ट्या सिलिका जेल घालून डब्यात.

ही रीत जुनी आहे. कॅनडात नॉर्मन मॅकलरेन आणि एव्हलिन लॅम्बर्ट यांनी १९४९ साली जॅझच्या तालावर अख्खी फिल्म अशी रंगवली, खरवडली. मला ती परकी वाटली नाही, कारण खरवडून काढलेली चित्रं मी मोरजीला मोरजाईच्या देवळात लहानपणापासून पाहत आले. आपली कावी कला. चुन्याच्या पांढऱ्या गिलाव्यावर तांबडा थर द्यायचा, तो ओला आहे तोवर लोखंडी हत्याराने कोरायचा, की खालचा पांढरा उघडा पडतो. त्या कारागिरांचं काम आणि माझं काम मला एकच वाटतं. त्यांची वेल भिंतीवर स्थिर, माझी हलते, एवढंच.

चित्रकाराने सिनेमाच्या वाटेला जावं का, हा वाद तर मला मुळीच पटत नाही. चित्रकार अकबर पदमसींना नेहरू फेलोशिप मिळाली तेव्हा त्या पैशांतून त्यांनी १९६९ साली मुंबईत ‘व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप’ उभं केलं. चित्रकार, छायाचित्रकार, सिनेमावाले एका छताखाली. तेविशीतल्या चित्रकार नलिनी मलानीही तिथे काम करत होत्या. पदमसींनी जवळपास हजार रेखाटनं करून ‘सिझिजी’ ही फिल्म बनवली. नुसत्या रेघा आणि बिंदू, आवाजसुद्धा नाही. त्यांच्या दुसऱ्या फिल्मची एकमेव प्रत हरवली ती कायमचीच. हे आठवलं की आजही पोटात तुटतं. आपल्या शाळांत चित्रकलेच्या तासाला हा इतिहास कुणी सांगत नाही, सांगायला हवा.

गोष्ट कुठाय, असंही विचारतात. रेघ कुठून निघाली, कुठे अडली, कशी सुटली, हीच गोष्ट. पोटापाण्याचं म्हणाल तर शिकवण्या आणि चित्रांची विक्री, यांवर भागतं.

पदमसींची ती हकीगत वाचल्यापासून प्रत्येक पट्टी आधी स्कॅन करते, दोन ठिकाणी जपून ठेवते, मगच प्रोजेक्टरवर चढवते. बघायची असेल तर घरी या. चवथीला घर पाहुण्यांनी भरलेलं असतं, तेवढे दिवस सोडून कधीही.