ऊनो, दूए, बाहेर!

त्रेव्हीझोत राहायला आल्यावर पहिल्याच महिन्यात मला कळलं, की इथं तिरामिसूबद्दल, म्हणजे कॉफीत बुडवलेली बिस्किटं आणि क्रीम यांच्या थरांच्या इटालियन गोड पदार्थाबद्दल, मत नसलेला माणूस सापडत नाही. व्हेनिसहून ट्रेननं अर्ध्या-पाऊण तासावरचं हे गाव. इथल्या ‘ले बेक्केरिए’ नावाच्या रेस्टॉरंटात 1970च्या सुमाराला हा पदार्थ आजच्या रूपात आला, असं इथले लोक छातीठोकपणे सांगतात. शेजारच्या फ्रिऊली प्रांताला हे मान्य नाही. त्यांच्या म्हणण्यानुसार तोल्मेझ्झोतल्या एका हॉटेलात तो 1950च्या दशकापासूनच मिळत होता. 2017मध्ये सरकारच्या पारंपरिक पदार्थांच्या यादीत तिरामिसू फ्रिऊलीच्या नावावर लागला, तेव्हा इकडचे लोक असे उसळले म्हणता! आपल्याकडे रसगुल्ल्यावरून बंगाल आणि ओडिशाचं जुंपलं होतं ना, तसंच.

माझ्या बाळंतपणाला आई साताऱ्याहून आली होती. बॅगेत डिंकाचे लाडू, आळीव, खारीक पावडर. तिसऱ्या दिवशी खालच्या मजल्यावरच्या सिन्योरा (इथं बाईंना असंच म्हणतात) कपभर काहीतरी फिकट पिवळं घेऊन आल्या. वय अठ्ठ्याहत्तर, जिना चढून धाप लागलेली. अंड्याचा बलक आणि साखर पांढुरकं होईपर्यंत फेटलेलं. इथल्या बोलीत त्याला ‘स्बातुदिन’ म्हणतात. बाळंतीण, आजारी माणूस, नवी नवरी, सगळ्यांना हाच खुराक. आईनं वास घेतला, ‘कच्चं अंडं?’ म्हणाली आणि कप माझ्यापासून लांब सरकवला. सिन्योरांनी डिंकाचा लाडू दातांखाली धरून पाहिला आणि त्याही गप्प झाल्या. फिट्टंफाट.

पण तिरामिसूचा पाया म्हणजे हाच खुराक. ‘ले बेक्केरिए’च्या मालकीणबाई अल्बा काम्पेओल बाळंत झाल्यावर त्यांना ताकदीसाठी असलंच काही खायला घालत, त्यावरून त्यांना हा पदार्थ सुचला आणि त्यांच्याकडचे मिठाईवाले रोबेर्तो लिंग्वानोत्तो यांनी तो बसवला, अशी गोष्ट इथं सांगतात. नावाचा अर्थही तोच: ‘मला वर ओढ’, म्हणजे अंगात जीव आण.

बारशाच्या आदल्या दिवशी सिन्योरा म्हणाल्या, ‘उद्या पाहुणे येणार, तिरामिसू आपणच करू.’ त्यांचं प्रमाण त्रेव्हीझोचं, म्हणजे 12 बलक, 500 ग्रॅम साखर, 1 किलो मस्कार्पोने आणि 60 सावोयार्दी बिस्किटं. वर कॉफी आणि कोको. अंड्याचं पांढरं नाही, दारू नाही. आम्ही निम्म्यात केलं. साखर मी गुपचूप 150 ग्रॅमच घातली. सिन्योरांना दिसलं होतं, पण त्या खिडकीबाहेर बघत राहिल्या.

मस्कार्पोने म्हणजे काय, तर साय तापवून त्यात लिंबासारखं आंबट घालायचं आणि जरा घट्ट झाली की कापडात निथळवायची. आईच्या भाषेत सायीचा चक्का. तो सैल करायला मी शहाणपणानं इलेक्ट्रिक बीटर लावला आणि मिनिटभर फोनकडे बघितलं. भांड्यात रवाळ लोणी, खाली पाणी! सिन्योरांनी कपाळाला हात लावला. आईनं भांडं शांतपणे उचललं, कढवलं आणि वाटीभर तूप काढलं. नवा डबा आणावा लागला, तो मात्र लाकडी चमच्यानंच ढवळला.

आईच्या धास्तीमुळे बलक आणि साखर मी उकळत्या पाण्याच्या वाफेवर भांडं धरून फेटले. पातेल्यातलं पाणी भांड्याच्या बुडाला लागू द्यायचं नाही आणि हात थांबवायचा नाही, नाहीतर गोड भुर्जी होते. मिश्रण घट्ट झालं, चमच्यावरून पट्टीसारखं पडायला लागलं की उतरवायचं आणि पूर्ण गार झाल्यावरच मस्कार्पोनेत घालायचं. (उरलेल्या सहा अंड्यांच्या पांढऱ्याची आईनं बेसन घालून धिरडी केली. सिन्योरांनी दोन खाल्ली.)

आता खरी परीक्षा. मोकात, म्हणजे गॅसवर ठेवायच्या इटालियन कॉफीच्या भांड्यात, केलेली कॉफी, बिनसाखरेची, गार झालेली, पसरट ताटलीत. सावोयार्दी हे बोटाएवढं लांब, वरून साखर भुरभुरलेलं, आतून जाळीदार हलकं बिस्कीट. जरा जास्त बुडालं की लगदा, कमी बुडालं की खाताना कोरडं भुसकट. सिन्योरा मला शिकवत होत्या, ‘ऊनो, दूए, बाहेर!’ (ऊनो, दूए म्हणजे एक, दोन. ‘बाहेर’ हा शब्द तोवर त्या आईकडून शिकल्या होत्या, बाळाचं लाळेरं बदलताना.) माझी पहिली चार बिस्किटं ताटलीतच विरघळली.

आई बाजूला उभी होती. ‘सरक,’ म्हणाली. एक बिस्कीट घेतलं, टेकवलं, पालटलं, उचललं. मोजलं नाही काही. साठ वर्षं चहात खारी, टोस्ट आणि ग्लुकोजचं बिस्कीट बुडवणारा हात तो! कुठल्या क्षणी पदार्थ मऊ होतो आणि कुठल्या क्षणी तो कपात पडतो, हे तिच्या बोटांना पाठ आहे. दहा मिनिटांत तीस बिस्किटं काचेच्या भांड्यात दोन थरांत लागली, मध्ये आणि वर क्रीम. सिन्योरांनी एक बिस्कीट तोडून पाहिलं. कडेनं कॉफीचा तपकिरी पट्टा, मध्यभागी कोरडी पांढरी रेघ. फ्रिजमध्ये रात्रभरात तीही ओलावते, म्हणून ती हवीच. ‘ब्रावा,’ त्या म्हणाल्या. एवढा शब्द आईला मला विचारावा लागला नाही.

कोको मात्र वाढायच्या आधी चाळायचा. मी रात्रीच चाळला आणि सकाळी वर काळे ओले डाग. पाहुण्यांना सांगितलं, डिझाइन आहे.

परत जाताना आईनं सावोयार्दीचं एक पाकीट बॅगेत टाकलं. पोचल्यावर फोन आला, ‘चहात काही कामाचं नाही गं. तिसऱ्या सेकंदाला पडतंय.’