आधी इंजेक्शन सांगा

बार्शी रोडवरच्या एका वस्तीवरून फोन आला. "डॉक्टर, ज्वारीच्या रानात गरुड पडलाय ओ. लई मोठा." माझा धंदा गाई-म्हशी आणि शेळ्या-मेंढ्यांचा, पाखरं क्वचितच. तरी गेलो.

मालदांडीची काढणी झालेली. धसकटात ते पंख टाकून बसलं होतं. गरुड कसला, गिधाड! तेही आपल्याकडचं नव्हे. तपकिरी अंगावर फिकट रेघा, म्हणजे हिमालयीन गिधाडाचं पोर. यांची वीण हिमालयात नि तिबेटात, उंच कड्यांवर. पोरं मात्र हिवाळ्यात मैदानात उतरतात आणि एखादं भरकटत दख्खन गाठतं.

1926 वर वनखात्याला कळवलं. त्यांची गाडी येईतो डोक्यावर टॉवेल टाकून पाखरू धरलं. घाबरलं की गिधाड ओकतं. याच्या पोटातून नुसतं आंबूस पाणी आलं. छातीचं हाड सुरीसारखं हाताला लागत होतं. कांद्याच्या ताणकाट्यावर साडेपाच किलो भरलं. एरवी आठ ते बारा असतं. मान सारखी खाली लवत होती, त्याचीच मला धास्ती. भुकेनंही मान पडते आणि डायक्लोफेनॅक या दुखण्यावरच्या औषधानंही. ते टोचलेलं जनावर मेलं आणि गिधाडानं खाल्लं, की याची मूत्रपिंडं बसतात आणि आतल्या अवयवांवर युरिक ॲसिडची पांढरी पुटं चढतात. पांढऱ्या पुठ्ठ्याची गिधाडं देशात 1992 ते 2007 या काळात 99 टक्क्यांहून जास्त घटली, ती यापायी.

नळीनं ओआरएस पाजत होतो, तेवढ्यात वस्तीवरचे धनगर आबा मेलेलं मेंढरू ओढत आले.

"पहाटंच गेलंय, ताजं हाय. खाऊ द्या की बिचाऱ्याला."

"आबा, याला काय टोचलं होतं?"

त्यांनी बंडीच्या खिशातून बाटली काढली. ॲसिक्लोफेनॅक! गाई-म्हशींच्या अंगात त्याचं डायक्लोफेनॅकच होतं. जनावरांसाठी डायक्लोफेनॅकवर 2006 सालापासून बंदी आहे. मग माणसांसाठीच्या डायक्लोफेनॅकच्या मोठ्या बाटल्या गोठ्यात यायला लागल्या, म्हणून 2015 मध्ये त्या 3 मिलीवर आणल्या. जनावरांसाठीचं ॲसिक्लोफेनॅक आणि तसंच गिधाडांना घातक किटोप्रोफेन 2023 मध्ये बंद झालं. कागदावर सगळं चोख. बाटली मात्र आबांच्या खिशात.

"खोल खड्डा काढून पुरा हे," म्हटलं. आबांना राग आला. चांगलं मटण मातीत घालायचं? पण पाखराकडं बघून त्यांनी पोराला कुदळ आणायला पिटाळलं.

वस्तीवर दुसऱ्या घरी सकाळीच बोकड कापलेला. त्याला औषध टोचलं नसल्याची दोनदा खात्री केली, मग बारीक तुकडे समोर टाकले. बराच वेळ ते ढिम्म. नंतर एक उचलला, दुसरा उचलला, तिसऱ्यासाठी तर टॉवेलच फाडला. वनखात्याची माणसं पिंजरा घेऊन आली, तेव्हा मान बरीच सावरली होती.

निघताना आबांनी अडवलं. "मग आमच्या मेंढराच्या दुखण्याला टोचायचं तरी काय?"

"मेलॉक्सिकॅम. गिधाडाला बाधत नाही."

"महाग असंल."

"थोडं."

आबांनी बाटली माझ्या हातात दिली. "बुधवारी लसीला येताय न्हवं? तवा तेच घिऊन या. पैशाचं बघू."