कुंकवाचं बोट

काल एकदाचं हळदीकुंकू झालं. रथसप्तमीच्या आत एक तरी शनिवार मोकळा मिळायला हवा होता. शुक्रवारी रात्री साडेनऊपर्यंत कॉल, मग वाणाच्या वाट्या पुसत बसले, पाय अजून दुखतायत. पण झोप गेली ती वेगळ्याच कारणाने.

सगळ्यांना हळदीकुंकू लावत लावत आईसमोर आले आणि हात थांबला. बोटाला कुंकू लागलेलं, बोट तसंच अधांतरी. आईने पटकन तिळगुळाचा डबा उचलला, "अगं त्यांना अत्तर लावायचं राहिलंय बघ" म्हणाली आणि आत गेली. दोन सेकंद. कुणाला कळलंही नसेल.

मला कळलं ना पण.

मीच बोलावलं होतं तिला, "तू ये, कोण काय म्हणतंय ते मी बघते" असं ठणकावून. चंद्रकळा नेसून आली होती, बाबा गेल्यापासून पहिल्यांदा. आणि अडवलं कुणी? सासूबाई तर सोसायटीच्या मैत्रिणींशी बोलत होत्या, त्यांचं लक्षही नव्हतं. माझाच हात.

२०२२ च्या मे महिन्यात शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेने ठराव केला, की नवरा गेला म्हणून कुंकू पुसणं, बांगड्या फोडणं, मंगळसूत्र, जोडवी काढणं हे गावात बंद. त्याच महिन्यात सरकारचं परिपत्रकही निघालं. ती बातमी फॅमिली ग्रुपवर मीच टाकली होती, खाली मोठं काहीतरी लिहूनसुद्धा. एका गावाला जमलं ते मला माझ्या हॉलमध्ये जमलं नाही.

रोज मंगळसूत्र घालत नाही मी, वटपौर्णिमेचा उपास केव्हाच सोडला. पण सोडलं ते सगळं मला अडचणीचं होतं तेवढंच. आईच्या अडचणीचं तसंच राहिलं. सण, ऑफिस, पाहुणे सगळं एकटीने ओढते म्हणून कालपर्यंत मला माझीच कीव येत होती, आणि ती तिकडे किचनमध्ये उभी राहून...

जाऊ दे.

सकाळी फोन केला. आधी वाटीचंच बोलली, आमटीला छान होईल म्हणे. शेवटी विचारलंच, "आई, काल लावलं असतं तर?"

बराच वेळ गप्प. मग, "चारचौघीत नको गं. घरी लाव हवं तर."

म्हणजे तिला हवं होतं. मी बोलावलं, पण हे एवढं कधी विचारलंच नव्हतं.

गुरुवारी जातेय. तिच्याकडूनच लॉगिन करेन. करंडा लॅपटॉपच्या बॅगेत ठेवलाय, झाकणाला रबर लावून.