साखर कारखान्यात पीसी विकताना

1989 सालचा गळीत हंगाम. मुंबईच्या एका पीसी कंपनीत मी मार्केटिंगला होतो आणि कोल्हापूर भागातल्या एका सहकारी साखर कारखान्यात संचालक मंडळासमोर डेमो ठरला होता.

त्या काळात पीसी विकणं म्हणजे आधी पीसी म्हणजे काय ते सांगणं. आयबीएम 1978 मध्ये देश सोडून गेली होती. 1984 च्या धोरणाने आयात सैल झाली, तशा सुटे भाग आणून मशीन जोडणाऱ्या कंपन्या भराभर उभ्या राहिल्या. सगळ्यांचा माल जवळपास सारखाच: 8088 प्रोसेसर, 640 केबी मेमरी, 20 एमबी हार्ड डिस्क. फरक असायचा तो ब्रोशरच्या कागदात. आमच्या ब्रोशरवर टाय लावलेला एक गोरागोमटा साहेब पडद्याकडे बघून हसत होता. कशाला हसत होता, देव जाणे.

आमचा प्रोग्रॅमर आणि मी जीपने निघालो. हार्ड डिस्कची हेडं 'पार्क' कमांड देऊन जागेवर बसवल्याशिवाय मशीन हलवायचं नाही, हा आमचा दंडक. सोबत थर्मोकोलात मॉनिटर, मांडीवर प्रिंटर आणि पायाशी विटांच्या गठ्ठ्याएवढा जड सीव्हीटी, म्हणजे मशीनला जाणारं व्होल्टेज स्थिर ठेवणारा ट्रान्सफॉर्मर. हंगामात कारखाना स्वतःच्या टर्बाइनची वीज वापरतो. तिची फ्रिक्वेन्सी हलली की सीव्हीटी गुरगुरायला लागायचा, आणि माझं अर्धं लक्ष त्याच्याकडेच असायचं.

मीटिंग हॉलमध्ये चेअरमन, कार्यकारी संचालक, धोतर-टोपीतले संचालक आणि कोपऱ्यात चीफ अकौंटंट. कॉम्प्युटर आला की आपली माणसं घरी बसणार, हे त्यांच्या मनात पक्कं होतं. बँकांच्या युनियन तेव्हा तेच म्हणत होत्या. मी मेगाहर्ट्झवर जेमतेम दोन वाक्यं बोललो असेन, तोच एका वयस्कर संचालकांनी, अण्णांनी, बंडीच्या खिशातून काटा पावत्यांची, म्हणजे ऊस वजन केल्याच्या चिठ्ठ्यांची चळत काढली.

"पाव्हणं, ते ऱ्हाऊ द्या. आमचं पंधरवड्याचं बिल काढून दावा की."

प्रोग्रॅमरने डीबेस या डेटाबेस प्रोग्रॅममध्ये पावत्या भरल्या. टनेज, दर, तोडणी-वाहतूक, सोसायटीची वसुली, परतीची ठेव, बिनपरतीची ठेव. उत्तर आलं. अण्णांनी दुसऱ्या खिशातून कारखान्याचं हाताने लिहिलेलं बिल काढून शेजारी ठेवलं. दोन रुपयांचा फरक!

हॉलमध्ये चुळबुळ सुरू झाली. "मग चुकलं कोण? मशीन का हापिस?" अण्णांनी विचारलं. कॉम्प्युटर कधी चुकत नाही, हे आमचं पाठ केलेलं वाक्य होतं. ते बोललो असतो तर त्याच जीपने परत निघावं लागलं असतं, कारण त्याचा अर्थ एकच होत होता: हापिस चुकलं.

कोडं सोडवलं ते अकौंटंटनीच. फॅसिट या हाताने फिरवायच्या हिशेबयंत्राच्या हँडलवर त्यांची उभी हयात गेलेली. ते उठले, दोन्ही कागदांवरून बोट फिरवलं आणि म्हणाले, "आम्ही प्रत्येक पावतीची रक्कम आधी पूर्ण रुपयात घेतो, मग बेरीज. तुमचं मशीन आधी बेरीज करतंय, मग रुपयात घेतंय." बस्स! प्रोग्रॅमरने 'राउंड' आतल्या ओळीत नेऊन ठेवला, बिल पुन्हा काढलं आणि पैसा न् पैसा जुळला. त्या घटकेपासून प्रोग्रॅम अकौंटंटसाहेबांचा झाला. पुढचे प्रश्न संचालकांनी विचारले आणि उत्तरं त्यांनी दिली. मी आपला बाजूला.

खरी गंमत प्रिंटरची. पुण्याच्या सीडॅक या सरकारी संगणक संस्थेचं जिस्ट कार्ड आम्ही मशीनमध्ये बसवलं होतं, त्यामुळे डीबेसमध्ये मराठी टाइप करता यायचं. डॉट मॅट्रिक्सवर देवनागरी ग्राफिक म्हणून छापलं जायचं, म्हणजे अगदी रडतखडत. हेड एकाच ओळीवरून पुन्हा पुन्हा फिरायचं. विकणाऱ्याच्या दृष्टीने हा दोषच. वेगाचा डंका पिटून आलेल्या माणसाने हे लपवावं कुठे? पण खुर्च्या सरकवून सगळे प्रिंटरभोवती जमले. आधी शिरोरेषा दिसली, मग हळूहळू अक्षरं भरत गेली. अण्णांनी कागद फाडून घेतला, चष्मा वर ढकलून नाव वाचलं, गावाचं नाव वाचलं आणि थेट कपातींवर आले. "ही बिनपरतीची ठेव येवडी कशी?" आता हा प्रश्न आमच्या कंपनीचा नव्हता. चेअरमननी घाईघाईने चहा मागवला.

दोन मशीन आणि रुंद कागदावर छापणारा 132 कॉलमचा एक प्रिंटर अशी ऑर्डर मिळाली. अट अकौंटंटसाहेबांची: पूर्ण हंगाम वहीखातं आणि कॉम्प्युटर बरोबरीने चालवायचं, आणि क्लार्क मंडळींना ट्रेनिंग फुकट. मी दोन्ही अटी लगेच मान्य केल्या. मुंबईत बॉसने ट्रेनिंगच्या खर्चावरून माझी हजेरी घेतली.

पुढच्या ब्रोशरमधून मी तो हसरा साहेब काढायला लावला आणि त्याच्या जागी ऊसबिलाचा नमुना टाकला. जाहिरात एजन्सीचा माणूस म्हणाला, "यात ग्लॅमर कुठंय?" मी त्याला कपातींचा रकाना जरा ठळक करायला सांगितला.