वॉल्डनच्या काठी

आज बॉस्टनहून कॉन्कॉर्डला जाऊन वॉल्डन तळे पाहिले. विचारवंत इमर्सन यांच्या जमिनीवर अमेरिकन लेखक हेन्री डेव्हिड थोरो यांनी एकट्याने, साधेपणाने राहण्यासाठी स्वतः बांधलेली, आणि ४ जुलै १८४५ पासून दोन वर्षे, दोन महिने, दोन दिवस ज्यात ते राहिले, ती खोली आता उरलेली नाही. वाहनतळाजवळ तिची प्रतिकृती आहे. दहा फूट रुंद, पंधरा फूट लांब, आत तीन खुर्च्या. मला माझ्या घरातील अजून न उघडलेली खोकी आठवली. थोरो अधूनमधून गावात आईकडे जात, यावरून त्यांची थट्टा करणाऱ्यांचे मला कधी पटले नाही. आगगाडीची शिट्टी ऐकू येईल इतक्या जवळ राहून आपल्या मनाचा कौल मानणे हे रानात नाहीसे होण्यापेक्षा अवघड असावे. नंतर बराच वेळ काठावर बसलो. फोन (कबूल करतो) दोनदा बाहेर काढला.